ललिता पवार: पाच रविवार, पाच चित्रपट. कोणते निवडावेत?

मध्यंतर
वाचनालयाच्या चित्रपट मंडळासाठी पाच रविवारांचा कार्यक्रम ठरवायचा आहे. विषय एकच, ललिता पवार. जन्म 18 एप्रिल 1916, येवला. मूकपटांत बालभूमिका, तिशीच्या दशकात नायिका, 1942 नंतर चरित्र भूमिका (नायिकेऐवजी आई, सासू अशा), 1987 साली दूरदर्शनवर मंथरा, आणि 24 फेब्रुवारी 1998 ला पुण्यात निधन. एवढ्या लांबीची कारकीर्द आणि लोकांच्या तोंडी दोनच शब्द: खाष्ट सासू.

माझं म्हणणं असं की या बाईंच्या भूमिका खाष्टपणावर मोजू नयेत, तो खाष्टपणा कुठे आणि कसा मोडतो त्यावर मोजाव्यात. प्रत्येक दिग्दर्शकाने ती जागा वेगळी ठेवली आहे आणि त्यांनी प्रत्येक वेळी ती वेगळ्या रीतीने गाठली आहे.

माझी कच्ची यादी: दहेज (1950), श्री 420 (1955), अनाडी (1959), प्रोफेसर (1962), आणि रामायण मालिकेतला मंथरेचा भाग. प्रश्न तीन. यादी बरोबर आहे का? क्रम कोणता ठेवावा? आणि दाखवण्याआधी प्रेक्षकांना काय बघायला सांगावं?

निशिगंध
श्री 420 काढा. केलेवाली गंगामाई गोड आहे, पण मिनिटं किती? तो राज कपूरचा चित्रपट आहे. त्या जागी 'मिस्टर अँड मिसेस 55' घ्या. साल तेच, 1955, आणि सीतादेवी कथेच्या कण्यात आहे.

कऱ्हेकाठ
निशिगंध यांच्याशी सहमत.

एकाच वर्षातल्या या दोन भूमिका शेजारी ठेवल्या तर व्याख्यानाची गरज उरत नाही. गंगामाई फूटपाथवरची, बोलणं मोकळं, भाव करता करता माया करणारी. सीतादेवी स्त्रियांच्या हक्कांसाठी झगडणारी, पुरुषांवर अजिबात विश्वास नसलेली, इंग्रजी वळणाची आत्या. भाऊ मृत्युपत्रात लिहून गेलाय की पोरीने लग्न केलं तरच इस्टेट मिळेल, म्हणून ही भाड्याचा नवरा शोधते.

नायक गुरुदत्तची ती मुलाखत घेते तो प्रसंग नीट बघा. तू कम्युनिस्ट आहेस का, असं ती विचारते आणि तो सांगतो, नाही, कार्टूनिस्ट. लोक गुरुदत्तच्या उत्तराला हसतात. पण तो विनोद उभा राहतो तो ललिताबाईंनी प्रश्न पूर्ण गंभीरपणे विचारला म्हणून. त्यांनी प्रश्नातच थोडंसं हसू पेरलं असतं तर उत्तर वाया गेलं असतं. समोरच्याच्या टाळीसाठी आपण सपाट राहायचं, हे चरित्र अभिनेत्याचं रोजचं काम.

रीळवाला
छापील यादीआधी प्रतींचं बोला, कारण चुकीच्या प्रतीवर अर्धा अभिनय जातो.

1) आकार. पन्नाशीच्या दशकातले हे बहुतेक चित्रपट 1.37:1 मध्ये आहेत, म्हणजे जवळपास चौकोनी. नेटवरच्या पुष्कळ प्रती रुंद पडद्यासाठी वर-खाली कापलेल्या किंवा आडव्या ताणलेल्या असतात. कापलेल्या प्रतीत क्लोजअपमध्ये कपाळ आणि हनुवटी जाते. ताणलेल्या प्रतीत चेहरा रुंद होतो आणि डाव्या-उजव्या बाजूंमधला फरक बोथट होतो. यांच्या बाबतीत तो फरकच बघायचा आहे. व्हीएलसीमध्ये (संगणकावरचा व्हिडिओ प्लेअर) 'ए' कळ दाबत गेलं की आकार बदलतात, 4:3 वर थांबा. ताणलेली प्रत अशी सुधारते. कापलेली सुधारत नाही, दुसरी शोधा.

2) गती. चित्रपट सेकंदाला 24 चौकटींनी चालतो, आपल्याकडचं जुनं दूरदर्शन प्रक्षेपण 25 ने. तिथून उतरवलेली प्रत सुमारे 4 टक्के जलद धावते. 155 मिनिटांचा चित्रपट 149 मिनिटांत संपतो आणि आवाज जवळपास अर्ध्या सुराने चढतो. ललिताबाईंचा खालच्या पट्टीतला आवाज अशा प्रतीत पातळ आणि किरकिरा लागतो. "किती कर्कश" म्हणणाऱ्या कित्येकांनी अशीच प्रत ऐकलेली असते.
उपाय: प्लेबॅक गती 0.96. पण फक्त गती कमी केली तर व्हीएलसी पट्टी तशीच ठेवतो. ऑडिओच्या सेटिंगमध्ये 'टाइम-स्ट्रेचिंग' ची खूण काढली तरच आवाज खाली येतो. हे विसरलं की माणसं संथ चालतात आणि आवाज मात्र चढाच राहतो.

3) लांबी तपासा. चित्रपटाआधी सेन्सॉर प्रमाणपत्राची चौकट असते, तिच्यावर रिळं आणि लांबी लिहिलेली असते. 35 मिमीचे 90 फूट म्हणजे एक मिनिट. फुटांना 90 ने भागा आणि तुमच्या फाइलशी जुळवा. दहा-पंधरा मिनिटं कमी भरली तर गाणी किंवा चरित्र अभिनेत्यांचे प्रसंग कापलेले असतात. पहिली कात्री त्यांच्यावरच चालते.

मध्यंतर
@रीळवाला, हे फार उपयोगी. मुद्दा 2 आमच्या ध्वनिव्यवस्था बघणाऱ्याला तसाच पाठवतो.

अबोली
थप्पडीचं कुणी लिहिलं नाही अजून? 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांच्याकडून जोरात थप्पड बसली, चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, डोळा कायमचा बारीक झाला. तीन वर्षं उपचार चालले. त्याशिवाय ही कारकीर्द कळणारच नाही.

तात्यापंत
ती हकिकत सगळीकडे सांगितली जाते आणि तिच्यात "तीन वर्षं घरी बसल्या, मग परतल्या" अशी भर पडते. ती भर चुकीची आहे. थप्पड 1942 ची. प्रभातचा 'रामशास्त्री' 1944 चा. त्यात गजानन जागीरदारांसमोर आनंदीबाईच्या भूमिकेत कोण आहे? ललिता पवारच. उपचार चालू राहिले असतील, पण काम बंद नव्हतं. बंद झालं ते नायिकेचं काम.

आणि नायिका म्हणून त्या किरकोळ नव्हत्या. 1932 चा 'कैलाश' त्यांच्या सहनिर्मितीचा. 1938 चा 'दुनिया क्या है' त्यांची निर्मिती, टॉलस्टॉयच्या कादंबरीवर बेतलेली. खांडेकरांच्या कथेवरचा मास्टर विनायकांचा 'अमृत' 1941 चा. सव्विसाव्या वर्षी हा सगळा रस्ता बंद झाला आणि दोन वर्षांत त्या आनंदीबाई म्हणून उभ्या राहिल्या. 'ध'चा 'मा' करणारी पेशव्यांच्या घरातली बाई! मराठी प्रेक्षकाच्या मनात आधीच दोषी ठरलेलं पात्र. परतायला याहून अवघड दार निवडता आलं नसतं.

यादीत 'रामशास्त्री' नाही हे मला पटत नाही.

नाडीपरीक्षा
डोळ्याबद्दल थोडं शरीरशास्त्र, बघताना कामी येईल. चेहऱ्याचा मज्जातंतू प्रत्येक बाजूला एकच असतो. तो कपाळ, पापणी, गाल, ओठ या सगळ्यांना फांद्या देतो. त्याला जबर इजा झाली की ती अख्खी बाजू सैल पडते. पुढे तंतू भरून येताना काही धागे भलत्याच स्नायूंना जाऊन मिळतात. मग ओठ हलवले की पापणीही ओढली जाते. बऱ्याच रुग्णांत हे दिसतं. दुसरी गोष्ट, उघडझाप दोन्ही बाजूंनी एकाच वेळी होत नाही, एक डोळा किंचित मागे राहतो.

आता पडद्यावर बघा. पाहणाऱ्याला कारण माहीत नसतं. त्याला दिसतं ते असं की ही बाई बोलताना एक डोळा बारीक करते. आपल्याकडे त्याचा अर्थ ठरलेला आहे: काहीतरी शिजतंय. नटाने काहीही न करता प्रेक्षक संशय घेऊन बसतो. त्यामुळे दुष्ट भूमिकेत त्यांना कमी करावं लागलं, आणि प्रेमळ भूमिकेत दुप्पट, कारण चेहऱ्याने दिलेला अर्थ आधी पुसावा लागतो. म्हणून माझ्या मते अवघड काम 'अनाडी'तलं आहे, 'दहेज'मधलं नाही.

निशिगंध
नाडीपरीक्षा, हा प्रतिसाद कार्यक्रमाच्या पत्रकावर छापण्यासारखा आहे.

रीळवाला
वरच्याला छायाचित्रणाची जोड.

मुख्य दिवा साधारण 45 अंशांवर एका बाजूने असतो, दुसऱ्या बाजूने भरणीचा मंद दिवा. मुख्य दिवा पात्राच्या उजव्या हाताला ठेवला तर डावा डोळा सावलीत जातो आणि बारीकपणा लपतो. डाव्या हाताला ठेवला तर तोच डोळा उजेडात येतो. भरणी किती ठेवायची हा दुसरा निर्णय. भरणी कमी, सावली गडद, चेहरा कठोर. भरणी वाढवली की चेहरा सपाट आणि सौम्य. म्हणजे त्याच बाईंना त्याच खोलीत दिव्याची जागा बदलून सासू किंवा माय करता येतं. प्रत्येक चित्रपटात पहिल्या क्लोजअपला थांबवा आणि नाकाची सावली कोणत्या गालावर पडते ते बघा. कॅमेऱ्याचा पक्ष लगेच कळतो.

प्रवासी_पक्षी
वयाचा मुद्दा राहिला. 'दाग' (1952) मध्ये दिलीपकुमारची आई. तेव्हा त्या 36 च्या आणि दिलीपकुमार 29 चे! श्री 420 च्या वेळी त्या 39, राज कपूर 30. 'जंगली'त शम्मी कपूरची आई, तिथे निदान पंधरा वर्षांचं अंतर आहे.

कऱ्हेकाठ
आणि म्हातारपण केसांच्या पावडरीने येत नाही, उठण्या-बसण्याने येतं. त्यांनी हे ओळखलेलं दिसतं. तरुण नटी म्हातारी करताना पाठीतून वाकते आणि मान तशीच सरळ राहते, तिथे पकडली जाते. खरं वय गुडघ्यात आणि मानेत आधी दिसतं: बसताना आधी हात टेकतो, मग अंग येतं. वळताना नुसती मान फिरत नाही, खांदा सोबत येतो. 'दाग'मधल्या आईच्या हालचाली या कानाकोपऱ्यांतून बघा, संवाद बंद करून.

केसांबद्दल, कृष्णधवलमध्ये शुद्ध पांढरा रंग दिव्याखाली फुटतो आणि डोक्यावर ठिगळ दिसतं, म्हणून राखाडी छटा लावत. रंगीत चित्रपट आल्यावर तीच राखाडी निळसर दिसायला लागली आणि विगकडे वळावं लागलं.

अबोली
अवांतर: त्या काळच्या आयांची वाटणी कशी झाली होती बघा. दुर्गा खोटे म्हणजे घरंदाज, लीला चिटणीस म्हणजे खोकणारी आणि वाट बघणारी, सुलोचनादीदी म्हणजे क्षमा करणारी, आणि ललिताबाई म्हणजे हिशेब विचारणारी. चौघीही आपल्या. 'हम दोनो'त (1961) तर देव आनंदच्या दोन भूमिकांना दोन आया आहेत, कॅप्टनची आई लीला चिटणीस आणि मेजरची आई ललिता पवार. एका चित्रपटात दोन शाळा.

टाकसाळ
दुर्गाबाईंना "घरंदाज" एवढ्यावर संपवू नका हो. त्यांच्यावर वेगळा धागा लागेल.

अबोली
लागेलच. काढा तुम्ही, आम्ही येतो.

टाकसाळ
बरं, मूळ विषयावर. सातशे चित्रपटांचा आकडा वर्तमानपत्रांत फिरतो तो पत्रकावर टाकण्याआधी भागाकार करा. सत्तर वर्षांत सातशे म्हणजे सरासरी दर वर्षी दहा. बालभूमिकांची आणि शेवटची वर्षं त्या वेगाची नव्हती, म्हणजे मधल्या काळात वर्षाला पंधरा-वीस धरावे लागतील. आकडा लिहिण्यापेक्षा "सहा दशकांहून अधिक" एवढं लिहा, 1928 पासून मोजलं तर ते सरळ बसतं.

यादी स्वतः करायची असेल तर दोन खड्डे सांभाळा. नावाने शोधलं की पात्रं एकमेकांत मिसळतात. 'मिस्टर अँड मिसेस 55' मध्ये त्या सीतादेवी आणि नायक प्रीतम. 'प्रोफेसर'मध्येही त्या सीतादेवी आणि नायक प्रीतम! 'अनाडी'त मिसेस डिसा, 'आनंद'मध्ये मेट्रन डिसा, दोन्हींचे दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. नेटवरच्या कित्येक नोंदींत या जोड्यांची कथानकं एकमेकांना चिकटलेली आहेत. दुसरा खड्डा सालाचा. सेन्सॉरची तारीख डिसेंबरची आणि प्रदर्शन जानेवारीत असेल तर एकच चित्रपट दोन सालांखाली दोनदा मोजला जातो.

मध्यंतर
डिसांची जोडी माझ्या लक्षात आली नव्हती. बारा वर्षांच्या अंतराने त्याच दिग्दर्शकाने तेच आडनाव त्याच नटीला दिलं, हे आपसूक झालेलं नाही.

निशिगंध
नाहीच. 'अनाडी'तल्या मिसेस डिसा घरमालकीण. भाडेकरू राज कपूर, रंगारी चित्रकार, खिशात दमडी नाही. ती त्याला घालून पाडून बोलते आणि जेवूही घालते. तोंडाचं एक, हाताचं एक. हृषीदांनी प्रेमळपणाचे संवाद तिच्याकडून जवळपास काढूनच घेतलेत. त्यामुळे ज्या औषधाने ती जाते ते नायिकेच्या काकांच्या कंपनीचं निघतं आणि आळ नायकावर येतो, तेव्हा कथा फिरते ती या बाईच्या रिकाम्या जागेवर. चरित्र भूमिका इतकी कथेच्या मध्यभागी क्वचित असते. फिल्मफेअरचा सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार त्याच भूमिकेला मिळाला.

'आनंद'मधली मेट्रन हाच माणूस पण कमी वेळात. डॉ. प्रकाश कुलकर्णींच्या (आपले रमेश देव) नर्सिंग होममध्ये शिस्त लावणारी, आणि आनंदपुढे ती शिस्त टिकत नाही. प्रेक्षकाला 'अनाडी' आठवत असेल तर दोन मिनिटांत पात्र उभं राहतं.

कऱ्हेकाठ
'प्रोफेसर'वर कुणी लिहिणार आहे का? नाहीतर मी लिहितो.

लिहितोच. दार्जिलिंग, कडक पालक सीतादेवी, तिच्या भाच्यांना शिकवायला म्हातारा प्राध्यापक हवा, म्हणून शम्मी कपूर पिकल्या दाढीत येतो. विनोदाची कथा इथवर ठरलेली आहे. पुढे ही बाई त्या खोट्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. आता धोका बघा. पन्नाशीतल्या कडक बाईचं प्रेम म्हणजे त्या काळच्या हिंदी चित्रपटात फक्त खिल्ली. नटीने थोडं जरी "बघा, मी कशी लाजते" केलं असतं तरी प्रेक्षक खदखदून हसला असता आणि पात्र मेलं असतं. त्यांनी उलट केलं. लाजणं खरं ठेवलं आणि सवयी जुन्याच ठेवल्या. नटून बसल्यावरही पाठ ताठ, हुकूम देण्याचा आवाज तोच, फक्त वाक्याच्या शेवटी जोर राहत नाही. त्यामुळे हसू येतं आणि पुढच्याच क्षणी तिला फसवलं जातंय याचं वाईट वाटतं. खाष्टपणा कुठे मोडतो हे तुमचं सूत्र असेल तर हा चित्रपट शेवटून दुसरा ठेवा, सुरुवातीला नको. आधीचा कडकपणा पाहिलेला असला तरच हे पोचतं.

सायंतारा
'कोहरा' (1964) कसा विसरलात सगळे! बिरेन नाग यांचा चित्रपट, 'रेबेका' या इंग्रजी कादंबरीवर बेतलेला. दाईमा म्हणजे त्यातल्या मिसेस डॅनव्हर्स या कारभारणीची जागा. पहिल्या मालकिणीची खोली जशीच्या तशी जपणारी, नव्या सुनेला (वहिदा रहमान) हळूहळू वेडाच्या काठावर नेणारी.

हिचकॉकने 'रेबेका'वरच्या आपल्या 1940 च्या चित्रपटात ही भूमिका करणाऱ्या ज्युडिथ अँडरसनला चालताना क्वचितच दाखवलंय. नायिका वळते आणि ती तिथे उभी असते. 'कोहरा'तही भीतीचं गणित स्थिरतेवर आहे. ललिताबाई म्हटलं की लोकांना हातवारे आणि तारस्वर आठवतो. इथे दोन्ही नाही. हात जवळ, पापणी हलत नाही, आवाज खाली. त्यांच्याकडे हे अस्त्र होतं आणि बाकीच्या दिग्दर्शकांनी ते फारसं मागितलं नाही, एवढाच त्याचा अर्थ. कृष्णधवल छायाचित्रण मार्शल ब्रगांझा यांचं, त्यामुळे रीळवाल्यांची सावलीची कसोटी इथे सर्वांत छान लागेल.

रीळवाला
+1. 'कोहरा' अंधाऱ्या खोलीतच दाखवा. खिडकीतून उजेड आला तर सावल्यांमधला तपशील आधी जातो आणि अर्ध्या चौकटी नुसत्या काळ्या दिसतात.

तात्यापंत
आणि 'सुजाता'? बिमल रॉय, 1959. गिरिबाला, म्हणजे बुवाजी (आत्या). अस्पृश्य मुलगी घरात वाढते म्हणून ती कुटुंबाला धारेवर धरते. बिमलदांनी तिला राक्षसीण केलं नाही. ती घरात हसते, नातवाचं कौतुक करते, आणि त्याच सहजतेने विटाळ बोलते. म्हणून ती जास्त बोचते. सासू सुनेला छळते ते एका घरापुरतं, इथे एक अख्खी रूढी त्या मऊ आवाजात बोलते.

'दहेज' काढून 'सुजाता' ठेवा असं माझं मत. दोन्हींत आडमुठेपणा आहे, पण 'दहेज'मध्ये शांतारामबापूंनी सासूला निबंधातल्या मुद्द्यासारखं वापरलंय. हुंड्याविरुद्ध तो चित्रपट मोठा आहे यात वाद नाही. कफन तेवढं राहिलं, हे सून झालेल्या जयश्रीबाईंचं शेवटचं बोलणं आजही अंगावर येतं. पण नटीला त्यात जागा थोडी.

अबोली
तात्यापंत, पूर्ण असहमत. 'दहेज' काढला तर "खाष्ट सासू" हा शब्द आला कुठून तेच प्रेक्षकाला कळणार नाही. ज्याला उत्तर द्यायचं ते आधी दाखवायला नको का? पृथ्वीराज कपूर मुलीच्या बापाच्या भूमिकेत समोर आहेत आणि त्यांच्या त्या आवाजापुढे ही सासू तसूभर मागे सरत नाही. तेवढं बळ दाखवायला तरी हवाच.

तात्यापंत
बळाबद्दलचं म्हणणं मान्य. चित्रपट पूर्ण न दाखवता दोन प्रसंग दाखवा मग.

सुगंधी_तमाखू
मंथरेचं कुणी सांगा ना. मालिकेचे कोणते भाग?

कऱ्हेकाठ
अयोध्याकांडाची सुरुवात, राज्याभिषेकाच्या घोषणेपासून दोन वरांपर्यंत. मालिका 25 जानेवारी 1987 ला सुरू झाली, रविवारी सकाळी. ललिताबाई सत्तरीच्या. कैकेयी पद्मा खन्ना, दशरथ बाळ धुरी, कौसल्या जयश्री गडकर. अयोध्येच्या राजवाड्यात मराठी माणसांची वर्दळ होती.

प्रसंगाची अडचण अशी. मूळ कथेत कैकेयी बातमी ऐकून आनंदी होते, मंथरेला दागिना देते. म्हणजे मंथरेला शून्यातून नाही, उण्यातून सुरुवात करायची आहे. राग, मग थट्टा, मग आईपणाची भीती, मग भविष्यातला अपमान, आणि शेवटी जुन्या वरांची आठवण. एकाही पायरीवर घाई झाली तर कैकेयी मूर्ख दिसते, आणि मंथरा नुसती चुगलखोर.

शरीराचीही अडचण आहे. कुबड दाखवायला पाठ वाकवली की पोट दाबलं जातं, श्वास तोकडा पडतो आणि लांब वाक्य मधेच तुटतं. अननुभवी नट मग ओरडून भरपाई करतो. उपाय म्हणजे वाक्याचे तुकडे आधीच पाडायचे आणि प्रत्येक थांब्याला अर्थ द्यायचा. त्यांची मंथरा थांबते तेव्हा दम लागलेली वाटत नाही, कैकेयीच्या मनात शब्द उतरायला वेळ देतेय असं वाटतं.

आणि हे त्यांना नवं नव्हतं. 'संपूर्ण रामायण' (1961) मध्येही मंथरा त्याच. मोठ्या पडद्यावर ते जमलं, पण दूरदर्शनच्या वीस इंची पडद्यावर चेहरा जवळून दिसतो आणि हात चौकटीबाहेर राहतात. 1987 मध्ये काम डोळ्यांवर आणि आवाजावर आलेलं दिसतं. दोन्ही मंथरा लागोपाठ दाखवता आल्या तर चित्रपट आणि दूरचित्रवाणीतला फरक दहा मिनिटांत कळेल.

तात्यापंत
माझा आग्रह त्यासाठीच होता. आनंदीबाई 1944, मंथरा 1987. दोघी राजघराण्याचा घात करतात आणि दोघींच्या हाती शस्त्र नाही, फक्त शब्द आहे. त्रेचाळीस वर्षांचं अंतर आहे दोन्हींमध्ये. 'रामशास्त्री'ने सुरुवात करा आणि मंथरेने शेवट. मधले तीन तुम्ही भांडून ठरवा.

प्रवासी_पक्षी
मूकपटातलं काही दाखवता येईल का?

रीळवाला
आपल्याकडचे मूकपट हाताच्या बोटांवर मोजावे इतकेच उरलेत. फिल्म नायट्रेटची, पटकन पेट घेणारी, आणि बोलपट आल्यावर चांदीसाठी रिळं उकळली गेली. त्यांच्या बालभूमिकांऐवजी त्या काळचा कुठलाही उपलब्ध तुकडा पाच मिनिटं दाखवा आणि एवढं सांगा: तेव्हाची फिल्म लाल रंगाला आंधळी होती, कुंकू आणि ओठ काळे येत, त्यामुळे भाव डोळ्यांनी आणि भुवयांनीच पोचवावा लागे. डोळ्याने बोलायची सवय बारा वर्षांच्या मुलीला तिथे लागली. तुकडा 24 च्या गतीने लावू नका, माणसं पळायला लागतील. 16 ते 18 वर लावा.

टाकसाळ
हक्कांचं विसरू नका. फुकट असला तरी सार्वजनिक खेळच. आपल्या कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतरच्या पुढच्या वर्षारंभापासून 60 वर्षं. 1955 चे चित्रपट 2015 अखेर मोकळे झाले, 1964 चा 'कोहरा' 2024 अखेर. 'आनंद' 1971 चा, तो 2031 अखेरपर्यंत बांधलेला. रामायण मालिकाही बांधलेली, त्या भागासाठी लेखी परवानगी घ्या. गाण्यांच्या शब्द-संगीताचा हक्क वेगळा चालतो, कवी आणि संगीतकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं, तेव्हा जुन्या चित्रपटांसाठीही विचारपूस करा. परवानगीला दोन महिने धरा.

मध्यंतर
सगळ्यांचे मनापासून आभार. यादी बदलतोय:

पहिला रविवार: मूकपटाचा तुकडा, 'दहेज'मधले दोन प्रसंग, आणि 'रामशास्त्री'.
दुसरा: मिस्टर अँड मिसेस 55, त्याआधी गंगामाईचा पहिला प्रसंग.
तिसरा: अनाडी.
चौथा: कोहरा.
पाचवा: प्रोफेसर, आणि परवानगी मिळाली तर त्याआधी दोन्ही मंथरा.

'सुजाता' सुटतोय याचं वाईट वाटतं. तात्यापंत, रागावू नका.

तात्यापंत
राग नाही. पण 'अनाडी' आणि 'सुजाता' दोन्ही 1959 चे, दोन्हींत नूतन. तिसऱ्या रविवारी गिरिबालेचा एक प्रसंग आधी लावा, दहा मिनिटं. मग मिसेस डिसा दिसल्या की लोक स्वतःच ओळखतील.

सायंतारा
आणि कोहरा तिसरा, अनाडी चौथा करा ना? दाईमानंतर मिसेस डिसा पाहिल्या तर नाडीपरीक्षा म्हणतात ते "चेहऱ्याने दिलेला अर्थ पुसणं" डोळ्यांसमोर घडताना दिसेल.

मध्यंतर
पटलं. अदलाबदल केली. गिरिबाला अनाडीसोबत, म्हणजे आता चौथ्या रविवारी. 'रामशास्त्री'ची पूर्ण लांबीची, न कापलेली प्रत कुठे मिळेल ते कुणाला ठाऊक असेल तर इथेच लिहा, रीळवाल्यांच्या हिशेबाने मिनिटं मोजून घेतो.